टुपॅकचे ‘ग्रेटेस्ट हिट्स’ : मुलांच्या कानात काय वाजते, ते आपणही समजून घेऊ

फुटपाथवरच्या कपड्यांच्या दुकानात एक टी-शर्ट आपण सर्वांनी पाहिला आहे. डोक्याला रुमाल, रुमालाची गाठ पुढे कपाळावर, आणि नजर थेट समोर. आपल्या मोहल्ल्यातली पंधरा-सोळा वर्षांची मुले तो घालून फिरतात. अम्मी विचारते, ‘हा कोण?’ मुलगा म्हणतो, ‘टुपॅक.’ पुढे बोलणे होत नाही. मुलगा कानात इयरफोन घालतो आणि अम्मी स्वयंपाकघरात जाते.

हे बोलणे पुढे जावे, म्हणून हा लेख. टुपॅक शकूर हा अमेरिकन रॅपर १९९६ मध्ये वयाच्या पंचविसाव्या वर्षी गोळीबारात मारला गेला. आज त्याला ऐकणारी आपली मुले तेव्हा जन्मलीही नव्हती. मग ती त्याच्यापर्यंत पोहोचतात कशी? पूर्ण अल्बम शोधून ऐकणारी थोडी. बाकीच्यांच्या कानावर पडतात ती त्याची निवडक, गाजलेली गाणी, आणि ती सारी एका जागी पहिल्यांदा आली १९९८ च्या ‘ग्रेटेस्ट हिट्स’ या संग्रहात. म्हणून हा एकच संग्रह हातात घेऊन समजून घेऊ या, की त्यात काय आहे, ते कोणी निवडले आणि आई-वडिलांनी त्याचे काय करावे.

एक गोष्ट सुरुवातीलाच सांगतो. संगीत, वाद्ये यांबद्दल शरीअतचा हुकूम काय, हा उलेमांचा विषय आहे. त्यात मतभेद आहेत आणि ज्या घरात जे मानले जाते त्याचा आम्ही आदर करतो. आम्ही शिक्षक आहोत. मूल जे ऐकतेच आहे, ते काय आहे हे पालकांना माहीत असावे, एवढेच आमचे म्हणणे.

नाव ऐकून थबकाल

आधी नाव बघा. ‘शकूर’ हा शब्द आपल्याला नवा नाही. अब्दुल शकूर नावाचे चाचा प्रत्येक गावात असतात. अश-शकूर हे अल्लाहच्या नावांपैकी एक नाव, कदर करणारा या अर्थाचे. माणसासाठी वापरला तर शकूर म्हणजे खूप शुक्र करणारा. न्यूयॉर्कच्या एका कृष्णवर्णीय मुलाला हे नाव मिळाले कसे?

त्याची आई अफेनी शकूर ही ‘ब्लॅक पँथर’ या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेत होती. तिचा नवरा लुमुंबा शकूर. लुमुंबाचे वडील सलाहदीन शकूर मुसलमान होते आणि माल्कम एक्स यांच्या जवळच्या वर्तुळातले होते. त्यांच्यामुळे हे नाव त्या घराण्यात आले. १९६९ मध्ये अफेनीसह एकवीस जणांवर स्फोटांचा कट रचल्याचा खटला झाला. अफेनीने वकील न घेता स्वतःची बाजू स्वतः मांडली. ती तेव्हा गरोदर होती. मे १९७१ मध्ये ज्युरीने सर्व आरोपींना निर्दोष सोडले आणि सुमारे महिनाभराने, १६ जून १९७१ रोजी मुलगा झाला. पुढे आईने त्याचे नाव ठेवले टुपॅक अमारू. पेरू देशात स्पॅनिश राजवटीविरुद्ध बंड करून १७८१ मध्ये मारल्या गेलेल्या नेत्याचे हे नाव.

टुपॅक स्वतः मुसलमान नव्हता. हे स्पष्ट सांगायला हवे, कारण मुले आडनाव बघून काहीबाही समजतात. रॅपमध्ये अरबी शब्द, मुसलमानी नावे बरीच ऐकू येतात. काही कलाकार खरोखर मुसलमान आहेत. यासीन बे, जो पूर्वी मॉस डेफ म्हणून ओळखला जायचा, त्याचा १९९९ चा अल्बम बिस्मिल्लाहने सुरू होतो. पण नाव अरबी म्हणून त्याखालचे सगळे इस्लामी, असे समीकरण करू नये.

रॅप म्हणजे नेमके काय

हिप-हॉपची सुरुवात न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात झाली. ११ ऑगस्ट १९७३ ची, डीजे कूल हर्क याने गाणी वाजवलेली एक पार्टी त्याचा जन्मदिवस मानतात. गरीब वस्ती, महागडी वाद्ये कुणाकडे नाहीत. मग जुन्या रेकॉर्डमधला ठेका पुन्हा पुन्हा वाजवायचा आणि त्यावर यमक जुळवत तालात बोलायचे. हे बोलणे म्हणजे रॅप.

उर्दू शिकलेल्याला यात परके काही नाही. काफिया आपल्याला माहीत आहे. उर्दू शाळांमधली मुले आजही बैतबाजीत एकमेकांना शेराला शेर देतात. मराठीतल्या ‘शाहीर’ या शब्दाचे मूळ अरबी ‘शाइर’. बार्शीचे शाहीर अमर शेख, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल, यांनी कामगारांच्या सभा आपल्या पहाडी आवाजाने गाजवल्या. ठेक्यावर आपल्या लोकांची कैफियत मांडणे ही गोष्ट अमेरिकेतून इथे आलेली नाही. टुपॅकचे शब्द इंग्रजी आहेत आणि त्याची गल्ली वेगळी आहे, इतकाच फरक.

‘ग्रेटेस्ट हिट्स’ म्हणजे इंतिखाब

आता मुख्य मुद्दा. कलाकार साधा अल्बम काढतो तेव्हा ती त्याची त्या वेळची एक पूर्ण कृती असते. ‘ग्रेटेस्ट हिट्स’ वेगळी गोष्ट. वेगवेगळ्या वर्षांची, वेगवेगळ्या अल्बममधली गाजलेली गाणी एकत्र करून विकायची. अमेरिकेत १९५८ मध्ये निघालेली जॉनी मॅथिस या गायकाची रेकॉर्ड ही या प्रकाराची सुरुवात मानली जाते. आपल्याकडे रफीसाहेबांच्या निवडक गाण्यांच्या कॅसेट घरोघर असायच्या, तीच कल्पना.

उर्दूत याला इंतिखाब म्हणतात. इंतिखाब पाहिला की पहिला प्रश्न विचारायचा, निवडले कोणी?

मिर्झा गालिब यांचे उदाहरण घ्या. त्यांचा उर्दू दीवान १८४१ मध्ये छापला गेला. तो म्हणजे त्यांचे सगळे उर्दू काव्य नव्हे. तरुणपणी लिहिलेले कितीतरी शेर त्यांनी बाहेर ठेवले. त्यातले पुष्कळसे पुढे एका जुन्या हस्तलिखितात सापडले आणि १९२१ मध्ये भोपाळहून ‘नुस्खा-ए-हमीदिया’ म्हणून प्रसिद्ध झाले. म्हणजे गालिब यांनी स्वतः, जिवंतपणी ठरवले की लोकांनी आपल्याला कशावरून ओळखावे.

टुपॅकला ही संधी मिळाली नाही. ७ सप्टेंबर १९९६ च्या रात्री तो लास वेगासमध्ये माईक टायसनची मुष्टियुद्धाची लढत पाहून निघाला. वाटेत गाडीवर गोळ्या झाडल्या गेल्या. १३ सप्टेंबरला तो वारला. त्याने वसीयत केलेली नव्हती. न छापलेल्या गाण्यांचा मोठा साठा मागे राहिला आणि तो कोणाचा यावर भांडण सुरू झाले. एका बाजूला ‘डेथ रो’ ही रेकॉर्ड कंपनी, दुसऱ्या बाजूला आई अफेनी. आईने कायद्याची लढाई लढून मुलाच्या गाण्यांवर हक्क मिळवला आणि ‘अमारू’ नावाची स्वतःची कंपनी काढली.

‘ग्रेटेस्ट हिट्स’ हा या दोन बाजूंच्या सह्यांनी निघालेला संग्रह. त्यावर अमारू, डेथ रो आणि इंटरस्कोप अशी नावे आहेत.

संग्रहाचा हिशेब

तो बाजारात आला २४ नोव्हेंबर १९९८ रोजी. दोन सीडी, पंचवीस गाणी. त्यातली एकवीस आधी प्रसिद्ध झालेली आणि चार तोपर्यंत न ऐकलेली. तारीखही सहज ठरलेली दिसत नाही. त्या वर्षी अमेरिकेतला थँक्सगिव्हिंगचा सण २६ नोव्हेंबरला होता. तिथे त्या सणापासून नाताळपर्यंत खरेदीचा हंगाम असतो. आपल्याकडे ईदच्या आधी बाजार भरतो, तसे समजा.

जुन्या चाहत्याकडे एकवीस गाणी आधीच असतात. त्याने पुन्हा पैसे का द्यावेत? म्हणून चार नवी गाणी. या प्रकारच्या संग्रहांत हे नेहमी होते. नव्या श्रोत्यासाठी जुनी गाणी आणि जुन्या श्रोत्यासाठी दोन-चार नवी.

विक्री प्रचंड झाली. अमेरिकेच्या रेकॉर्ड उद्योग संघटनेने २०११ मध्ये त्याला ‘डायमंड’ दर्जा दिला, म्हणजे १ कोटी युनिट. पण या आकड्यात एक गंमत आहे, ती मुलांना गणित म्हणून सांगा. त्या संघटनेच्या नियमानुसार दोन सीडींच्या अशा लांब संचाची प्रत्येक सीडी वेगळी मोजतात. म्हणजे १ कोटी युनिट म्हणजे ५० लाख संच. आकडा खरा आहे, पण कशाचा आकडा ते विचारावे लागते. जाहिरातीतला कोणताही आकडा असाच तपासायचा असतो.

आत काय आहे : पहिली बाजू

या पंचवीस गाण्यांत अशी काही आहेत की त्यांचा आशय आम्ही कोणत्याही वर्गात निःसंकोच सांगू.

संग्रह सुरू होतो ‘कीप या हेड अप’ने. हे १९९३ चे गाणे लताशा हार्लिन्स या पंधरा वर्षांच्या मुलीला अर्पण केले होते. १९९१ मध्ये लॉस एंजेलिसच्या एका दुकानात संत्र्याच्या रसाच्या बाटलीवरून वाद झाला आणि दुकानदार बाईने तिला पाठीमागून गोळी घातली. त्या बाईला तुरुंगवास झाला नाही. गाण्यात टुपॅक एकट्याने मुले वाढवणाऱ्या गरीब बायकांना धीर देतो आणि पुरुषांना विचारतो, की ज्यांच्या पोटी आपण जन्मलो त्यांच्याशी आपण असे का वागतो.

‘ब्रेंडाज गॉट अ बेबी’ हे १९९१ चे. बारा वर्षांच्या एका मुलीवर घरातल्याच नातेवाइकाने केलेला अत्याचार, त्यातून झालेले मूल आणि कचऱ्यात टाकलेले ते बाळ. वर्तमानपत्रातली बातमी वाचून त्याने हे लिहिले. ऐकवत नाही असे गाणे आहे. पण त्यात दोष कोणाला दिला आहे बघा. घराला, शेजाऱ्यांना, डोळे मिटून बसलेल्या सगळ्यांना.

‘डिअर मामा’ हे १९९५ चे गाणे आईसाठी. अफेनी पुढे ड्रग्जच्या आहारी गेली होती. मुलगा ते लपवत नाही आणि आईला कमीही लेखत नाही. हातात पैसा नसताना तिने घर कसे चालवले, हे तो आठवतो आणि तिचे उपकार फिटणार नाहीत असे म्हणतो. अमेरिकेच्या काँग्रेस लायब्ररीने २०१० मध्ये हे गाणे राष्ट्रीय ध्वनिमुद्रणांच्या नोंदवहीत जतन करण्यासाठी निवडले. आईचा हक्क आपण मुलांना लहानपणापासून शिकवतो. नशेत सापडलेल्या आईचाही हक्क संपत नाही, हे मात्र आपण क्वचित बोलतो.

चौथे ‘चेंजेस’. या संग्रहातल्या चार नव्या गाण्यांपैकी हे सर्वात गाजले. गरिबी, पोलिसांचा जुलूम आणि वस्तीत घुसलेली ड्रग्ज, असे विषय. त्याने ते ध्वनिमुद्रित केले १९९२ च्या सुमारास आणि जगाने ऐकले १९९८ मध्ये. ब्रूस हॉर्न्सबीच्या १९८६ मधल्या गाण्याची पियानोची चाल त्यात वापरली आहे. मृत्यूनंतर दुसऱ्यांनी त्या मुद्रणावर नव्याने काम करून ते प्रसिद्ध केले. म्हणजे आज जे ‘चेंजेस’ आपली मुले ऐकतात, त्याच्या शेवटच्या रूपावर टुपॅकची सही नाही. २००० च्या ग्रॅमी पुरस्कारांसाठी त्याला नामांकन मिळाले. २००९ मध्ये व्हॅटिकनने इंटरनेटवर बारा गाण्यांची एक यादी दिली होती, त्यात मोझार्टच्या सोबत हे गाणे होते.

मशिदीकडे वळलेला दोस्त

एक गाणे आम्ही मुद्दाम वेगळे काढतो आहोत. ‘आय एन्ट मॅड ॲट चा’. अर्थ साधारण असा, की माझा तुझ्यावर राग नाही.

पहिल्या कडव्यात दोन दोस्त आहेत. एकत्र वाढलेले, एकत्र वाईट धंदे केलेले. एक तुरुंगात जातो आणि बदलतो. मुसलमान होतो. जामिनावर सुटल्यावर त्याला मशिदीत जायचे असते. जुना दोस्त पैशांची नवी भानगड सुचवतो, तर त्याला त्यात रस नसतो. आता जुन्या दोस्ताने काय करावे? टिंगल करावी? धमकी द्यावी? गाण्यातला दोस्त कबूल करतो, की मला तुझी आठवण येते, तू माझ्यापासून दूर गेलास, पण तू जे केलेस त्याबद्दल माझ्या मनात राग नाही.

संगतीचा विषय आपण घरात रोज काढतो. ‘वाईट मुलांबरोबर फिरू नको’ हे वाक्य प्रत्येक अब्बांच्या तोंडी असते. या गाण्यात त्याच गोष्टीची दुसरी बाजू आहे. तौबा करून निघालेल्या मुलाला मागे राहिलेले दोस्त काय म्हणतात, यावर त्याचे पाऊल टिकते की घसरते हे अवलंबून असते. आमच्या वर्गातून गेलेल्या काही मुलांनी सिगारेट, गुटखा सोडला. त्यांना सर्वात जास्त त्रास दिला तो जुन्या टोळक्याच्या टोमण्यांनी. ‘बडा मौलाना हो गया’ हे वाक्य कित्येकांना परत त्याच टपरीवर घेऊन गेले.

टुपॅकच्या ‘आउटलॉझ’ या गटातला एक तरुण होता, नेपोलियन या नावाने रॅप करणारा मुताह बील. तीन वर्षांचा असताना त्याच्या डोळ्यांदेखत त्याच्या आई-वडिलांची हत्या झाली होती. टुपॅकच्या मृत्यूनंतर काही वर्षांनी त्याने इस्लाम आपलासा केला, रॅप सोडले आणि पुढे सौदी अरेबियात राहून तरुणांपुढे भाषणे दिली. आपल्या मुलांना टुपॅक माहीत असतो, त्याच्या बाजूला उभा राहून गाणाऱ्या या माणसाचे पुढे काय झाले ते माहीत नसते.

आत काय आहे : दुसरी बाजू

इथपर्यंत वाचून कुणाला वाटेल, की मग संग्रह मुलांच्या हातात द्यायला हरकत काय? हरकत आहे.

‘कीप या हेड अप’ने सुरू झालेली पहिली सीडी संपते ‘हिट एम अप’ने. १९९६ च्या या गाण्यात टुपॅक आपला प्रतिस्पर्धी नटोरियस बी.आय.जी. याला आणि त्याच्या साथीदारांना उघड शिव्या आणि जिवे मारण्याच्या धमक्या देतो. त्याच्या बायकोबद्दल घाणेरडे बोलतो. त्या वर्षीच टुपॅक मारला गेला. पुढच्या मार्चमध्ये, ९ मार्च १९९७ रोजी, लॉस एंजेलिसमध्ये बी.आय.जी. मारला गेला, वय चोवीस. संग्रह निघाला तेव्हा शिवी देणारा आणि शिवी खाणारा दोघेही कबरीत होते. तरी कंपनीने गाणे घेतले, कारण ते खपणारे होते.

याशिवाय बायकांना केवळ उपभोगाची वस्तू समजणारी, दारू आणि गांजाचे गुणगान करणारी गाणी या संग्रहात आहेत. त्यांची नावे इथे देण्याची गरज नाही. मुलांना ती माहीत असतात.

आणि एक गोष्ट जी टी-शर्टवर छापलेली नसते. १९९४ मध्ये एका तरुणीवरील लैंगिक अत्याचाराच्या खटल्यात ज्युरीने टुपॅकला दोषी ठरवले. तो शेवटपर्यंत आरोप नाकारत राहिला, पण शिक्षा झाली आणि १९९५ मध्ये काही महिने तो तुरुंगात होता. तो आत असतानाच ‘मी अगेन्स्ट द वर्ल्ड’ हा त्याचा अल्बम अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेला. बायकांच्या सन्मानाचे गाणे लिहिणारा माणूस पुढच्याच वर्षी अशा गुन्ह्यात दोषी ठरतो. मुलांपासून हे लपवू नका. चांगले बोलणे आणि चांगले वागणे या दोन गोष्टी आहेत, हे शिकवायला याहून ठळक उदाहरण मिळणार नाही.

त्याच्या खुनाबद्दल सप्टेंबर २०२३ मध्ये, म्हणजे सत्तावीस वर्षांनी, एका जुन्या टोळीवाल्याला अटक झाली. टोळीबाज जगणे गाण्यात झकास वाटते. प्रत्यक्षात आईला मुलाची राख मिळते आणि इन्साफाची वाट बघत ती म्हातारी होते. अफेनी मे २०१६ मध्ये वारली. अटक तिने पाहिली नाही.

घरात काय करावे

हा प्रश्न फक्त अमेरिकेचा राहिलेला नाही. ‘गली बॉय’ या २०१९ च्या चित्रपटाचा नायक मुराद आपल्यातलाच होता आणि त्या कथेला मुंबईच्या नेझी, डिव्हाइन या रॅपर्सच्या आयुष्याची प्रेरणा होती. नेझी म्हणजे कुर्ल्याचा नावेद शेख. पुण्याचा एमसी स्टॅन २०२३ मध्ये ‘बिग बॉस’ जिंकला. मुलांना टुपॅक आणि स्टॅन एकाच रांगेत दिसतात. म्हणून टुपॅकला ऐकण्याची जी रीत, तीच सगळ्यांना लागू.

पहिली गोष्ट, शब्द वाचा. रॅपमध्ये ठेका इतका जोरदार असतो की शब्द निसटतात. पुष्कळ मुलांना आपण काय गुणगुणतोय याचा अर्थच माहीत नसतो. गाण्याचे शब्द छापील स्वरूपात मिळतात. मुलाला म्हणा, बेटा, याचा उर्दूत किंवा मराठीत अर्थ सांग. ज्या ओळीचा अर्थ अम्मीसमोर सांगता येत नाही, ती ओळ कशी आहे हे त्याला वेगळे सांगावे लागत नाही.

दुसरी, खूण ओळखा. सीडीच्या काळात पाकिटावर पालकांसाठी इशारा देणारी काळी-पांढरी पट्टी असायची. आता गाणी ऐकण्याच्या ॲपमध्ये गाण्याच्या नावाजवळ इंग्रजी ‘ई’ अक्षर असते. त्याचा अर्थ, यात शिवराळ किंवा प्रौढांसाठीचे शब्द आहेत. बऱ्याच ॲपच्या सेटिंगमध्ये अशी गाणी बंद करण्याची सोय असते. लहान मुलांच्या मोबाइलवर ती जरूर वापरा. पण सोळा वर्षांच्या मुलासमोर हे कुलूप फार दिवस टिकत नाही. त्याच्याशी बोलावेच लागते.

तिसरी, निवड कोणाची ते विचारा. कंपनीने १९९८ मध्ये जे खपेल ते निवडले. आज मोबाइल जे जास्त ऐकले जाते ते पुढे ढकलतो. दोघांनाही आपल्या मुलाच्या तरबियतीशी देणेघेणे नाही. मुलाला सांगा, की ही पंचवीस गाणी दुसऱ्यांनी तुझ्यासाठी निवडली, तू यातून किती ठेवशील? कोणते गाळशील? का? आम्ही आठवी-नववीच्या मुलांना हा प्रश्न विचारतो. कारण द्यायला लागले की मुले आपल्यापेक्षा कडक निघतात.

चौथी, हात लिहिता करा. ज्याला रॅप आवडते त्याला यमकाची जाण आहे. त्याला म्हणा, आपल्या मोहल्ल्यावर आठ ओळी लिही. पाण्याचा नळ, तुंबलेले गटार, दादीचा दवाखाना, परीक्षेचा फॉर्म, काहीही. अट एकच, शिवी नको. हजरत हस्सान बिन साबित (रजि.) हे रसूलुल्लाह (स.) यांचे शायर होते, हे त्याला जरूर सांगा. शब्दांची ताकद आपल्या दीनने ओळखली आहे आणि त्या ताकदीची जबाबदारीही सांगितली आहे. सूरह अश-शुअराच्या शेवटी भरकटलेले शायर आणि ईमान राखून नेक अमल करणारे शायर यांच्यात फरक केला आहे, तो त्याच्यासोबत बसून तर्जुम्यात वाचा.

आणि ज्या घरात संगीत अजिबात चालत नाही, त्यांनीही मुलाला कारण सांगावे. ‘बंद कर ते’ एवढेच म्हटले तर आवाज बंद होतो आणि मुलगा छतावर जाऊन ऐकतो. हराम का, वाईट का, कोणत्या शब्दासाठी, हे समजावले तर तो निदान ऐकून घेतो.

आमच्या मते या पंचवीसपैकी चार-पाच गाण्यांचे शब्द मोठ्या मुलांबरोबर बसून समजून घेण्यासारखे आहेत. ‘डिअर मामा’, ‘कीप या हेड अप’, ‘चेंजेस’, ‘आय एन्ट मॅड ॲट चा’ आणि दहावीच्या पुढच्या मुलांसाठी ‘ब्रेंडाज गॉट अ बेबी’. यातही कुठे कुठे कडक शब्द आहेत, म्हणून आधी स्वतः वाचा. तुमची यादी वेगळी होईल, मुलाची आणखी वेगळी. त्या दोन याद्या समोरासमोर ठेवून जेवणाच्या दस्तरखानावर अर्धा तास वाद झाला, तर तो वाद होऊ द्या. मुलगा त्या अर्ध्या तासात काय ऐकतो, का ऐकतो हे स्वतःच्या तोंडाने सांगतो, आणि तेवढा वेळ इयरफोन त्याच्या कानात नसतो.